स्पर्धेच्या नाटकातून स्वतंत्र सिनेमात गेलेला गोव्याचा नट

कुळागर (फोंडा), धागाकर्ता

नमस्कार मंडळी.

आमच्या नाट्यमंडळातली एक अभिनेत्री गेल्या मोसमात एका छोट्या कोकणी चित्रपटात मुख्य भूमिका करून आली. चित्रपटाचं संकलन अजून चालू आहे, म्हणून तिचं किंवा चित्रपटाचं नाव इथे घेत नाही. कला अकादमीच्या मराठी नाट्यस्पर्धेत 'अ' गटातली तिची कामं ज्यांनी बघितलीत ते ओळखतीलही. ओळखलंत तरी कृपया लिहू नका.

मी मंडळात प्रकाशयोजना बघतो. चित्रीकरणाच्या वेळी अधूनमधून मदतीला गेलो होतो. तिथे जे बघितलं ते डोक्यातून जात नाही, म्हणून हा धागा.

'नाटकात मोठं करायचं, सिनेमात छोटं' हा सल्ला तिला जाण्याआधी ज्याने त्याने दिला. मला तो अपुरा वाटतो. मोठ्या थिएटरात शेवटच्या रांगेपर्यंत पोचायची सवय झालेल्या नटाला तो लागू पडत असेल. प्रायोगिक नाटक करणारा नट मात्र कला अकादमीच्या ब्लॅक बॉक्ससारख्या जागेत, पहिल्या रांगेपासून हातभर अंतरावर उभा राहून काम करत आलेला असतो. पापणी लवली तरी दिसते, हे त्याच्या अंगात मुरलेलं असतं. 'कोर्ट' (२०१४) मधली गीतांजली कुलकर्णी आठवा. राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकलेली, 'पिया बहरूपिया'त गाऊन-नाचून अख्खं सभागृह ताब्यात घेणारी नटी. तीच इथे सरकारी वकील होऊन जुन्या कायद्यांतली कलमं एका सुरात वाचत जाते. कॅमेरा लांब, एका जागी. रोज हेच वाचणाऱ्या बाईची लय तिने धरली आहे. त्या वाचनात श्वास कुठे घेतला आणि कुठे गिळला ते ऐका. ही तयारी रंगभूमीवरचीच.

मग अडतं कुठे? माझ्या मते तालमीपाशी.

स्पर्धेच्या नाटकाला आपण दोन-अडीच महिने रात्री आठ ते अकरा तालीम करतो. कुठल्या वाक्याला हात थांबवायचा, कुठे वळायचं, सगळं बसवून मिळतं. इथे एका जुन्या मातीच्या घरात सीन होता. मुलगी घर सोडून चाललीय हे सांगते, आई आदोळीवर (खोबरं किसायच्या विळीवर) बसून नारळ किसतेय. बदललेल्या संवादांचा कागद सकाळी हातात पडला आणि तासाभरात पहिला टेक. प्रत्येक टेकला नवी कवड (फोडलेल्या नारळाचा अर्धा भाग) घ्यावी लागायची, कारण मागच्या टेकच्या शेवटी करवंटीचा तळ दिसायला लागलेला असे. शेजारी एक मुलगी फक्त किसलेल्या खोबऱ्याचा ढीग बघून त्याचे फोटो काढत होती, दुसऱ्या कोनातून घेताना तो तेवढाच दिसायला हवा म्हणून. आमची नटी सुरुवातीला गोंधळली. संवादाकडे लक्ष दिलं की हात भरभर चालत, हाताकडे दिलं की वाक्य सपाट पडे.

दोन-तीन टेक झाल्यावर तिने स्वतःच बसवून घेतलं. मुलगी बोलतेय तोवर एकच बाजू किसायची. मुलगी गप्प झाली की कवड फिरवायची. आणि शेवटचं वाक्य कानावर आल्यावर खोबरं संपलं तरी हात चालूच ठेवायचा. आदोळीचे दात रिकाम्या करवंटीवर खरवडल्याचा आवाज झाला तसा दिग्दर्शकाने 'कट' म्हणायचं लांबवलं. ही तालीमच होती. फक्त ती टेकच्या आत, एकटीने आणि सगळ्यांसमोर करावी लागली.

दुसरी गोष्ट भाषेची, आणि माझ्या दृष्टीने तीच मोठी. आपण गोव्याचे नट घरी कोकणी बोलतो आणि रंगमंचावर मराठी. नाटकाची मराठी आपण कमावलेली असते, तिला एक सूर असतो. स्वतंत्र सिनेमा नटाला म्हणतो, घरी बोलतोस तसं बोल. तिथे वर्षानुवर्षं कमावलेला तो सूर बाजूला ठेवावा लागतो. गोव्याच्या नटासाठी रंगमंचावरून सिनेमात जाणं म्हणजे मुख्यतः हे, असं माझं मत आहे. तुम्हाला काय वाटतं? ज्यांनी दोन्हीकडे काम केलंय त्यांनी जरूर लिहावं.

रातांबा (मडगाव)

कुळागरबाब, छान धागा. मी ध्वनिमुद्रणाचं काम करतो, बहुतेक जागेवरच्या आवाजाचं. माझ्या कानाला जाणवलेलं सांगतो.

रंगभूमीवरचे नट जोरात बोलतात म्हणून आवाज फाटतो, असं लोक समजतात. तसं क्वचितच होतं. उलट कुणीतरी 'हळू बोला' सांगून ठेवलेलं असतं म्हणून ते पुटपुटायला लागतात. वाक्याचं शेवटचं अक्षर गळून जातं, आणि ब्लाउजच्या आत लावलेल्या लॅपल माइकवर कापडाची सळसळ तेवढी येते. माझं सांगणं एकच असतं: समोरचा माणूस जेवढ्या अंतरावर आहे त्याला ऐकू जाईल एवढंच बोला, पण शब्द पूर्ण करा. प्रायोगिकवाल्यांना हे एकदा सांगितलं की पुरतं. शिवाय प्रत्येक टेकला त्यांचा श्वास त्याच जागी पडतो. संकलनात दोन टेक जोडताना याचा किती उपयोग होतो, ते त्या टेबलावर बसल्याशिवाय कळायचं नाही.

त्यांना त्रास होतो तो व्यत्ययाचा. नाटकात एकदा पडदा उघडला की दीड तास तुमचा. आमच्याकडे ऐन रंगात आलेला टेक पोदेराच्या (पाववाल्याच्या) पों-पोंने जातो. सकाळी जातो, संध्याकाळी पुन्हा जातो. मग कावळे, मग कौलांवर पडलेला आंबा. थांबा, परत. रडू आलेलं तसंच धरून ठेवायचं. यासाठी लागणारं बळ वेगळं, आणि ते कुठल्याही नाट्यशाळेत शिकवत असतील असं वाटत नाही.

करवंटीचा आवाज ज्याने कुणी टिपला त्याला माझा नमस्कार सांगा.

गिरगावातली_केपेकार (मुंबई)

मूळची केप्याची, जन्म गिरगावातला. छबिलदासच्या दिवसांत वडिलांचं बोट धरून नाटकं बघितली, म्हणून थोडं मागचं लिहिते.

ही वाट नवी नाही, हे तरुण वाचकांनी लक्षात घ्यावं. विजय तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे'वर सत्यदेव दुबे यांनी १९७१ साली चित्रपट केला. रंगमंचावरच्या बेणारेबाई, म्हणजे सुलभा देशपांडे, चित्रपटातही त्याच. अमोल पालेकर तिथूनच पुढे आले. डॉ. लागू 'सामना'त गेले ते रंगभूमी गाजवूनच. 'घाशीराम'मधले नाना फडणवीस, डॉ. मोहन आगाशे, पुढे 'अस्तु'त स्मृती हरवत चाललेला वृद्ध करतात आणि 'कासव'ची निर्मितीही करतात. 'कासव'ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यातला तरुण आलोक राजवाडे हा पुण्याच्या प्रायोगिक नाटकातला मुलगा, 'विहीर'मध्येही होता.

आता कुळागर यांच्या तालमीच्या मुद्द्याकडे येते. १९७४ पासून दादरच्या छबिलदास शाळेच्या सभागृहात जे चाललं, तिथे नटांना मिळालं काय? पैसे नाहीत, मोठा रंगमंच नाही. मिळाला तो एकमेकांचा सहवास. नट, लेखक, दिग्दर्शक तीच माणसं वर्षानुवर्षं एकत्र. उमेश कुलकर्णी आणि गिरीश कुलकर्णी यांच्या 'वळू', 'विहीर', 'देऊळ'मध्ये तोच सहवास पडद्यावर दिसतो. माझं मत असं की नाटकातून सिनेमात एकटा नट गेला की तो बावरतो, चमू गेला तर बावरत नाही. तुमच्या मंडळाने त्या बाईसोबत आणखी कुणाला पाठवलं होतं का?

कुळागर

केपेकारताई, समोर मुलीचं काम करणारी आमच्याच मंडळातली. तुम्ही लिहिल्यावर लक्षात येतं की सगळ्यात बरे सीन त्या दोघींचेच झाले. बाकी कलाकार बाहेरचे होते.

मांद्रेची_रात (पेडणे)

'प्रायोगिक' म्हटलं की पुणे-मुंबई आणि फार तर पणजी-फोंडा, एवढ्यावर चर्चा थांबते. आमच्या पेडण्यात, सत्तरीत जत्रेला दशावतारी काला होतो त्याकडेही बघा. दशावतारातल्या नटाला लिहिलेले संवाद नसतात. आख्यान ठरलेलं, कुणी कधी प्रवेश करायचा ते ठरलेलं, बाकी सगळं उभ्या-उभ्या सुचायचं. समोरच्याने काय टाकलं ते कान देऊन ऐकल्याशिवाय उत्तर देता येत नाही. कॅमेऱ्यासमोर नेमकं हेच लागतं, ऐकणं. पाठांतरावर उभा असलेला नट समोरचा बोलत असताना आपल्या पुढच्या वाक्याची वाट बघत राहतो, आणि ते क्लोजअपमध्ये लख्ख दिसतं.

रात्रभर रंग लावून उभा राहिलेला, पहाटे दहीकाल्यापर्यंत आवाज टिकवणारा माणूस सिनेमाला चालत नाही, तो 'लाऊड' आहे, असं एका निवड चाचणीत मला तोंडावर सांगितलं गेलं. त्यांनी मला एकदाही ऐकण्याचा प्रसंग दिला नाही, फक्त बोलायला लावलं. ही खंत मनात आहे म्हणून लिहितो. जत्रेच्या रंगभूमीवरची माणसं आहेत तिथे जाऊन चार दिवस बघा आणि मग निवडा, एवढीच दिग्दर्शकांना विनंती.

साखळीची_शाळा (सांखळी)

कुळागर यांचा भाषेचा मुद्दा मला मान्य नाही, तो का नाही ते शांतपणे मांडते.

मी मराठी शिकवते. घरी कोकणी बोलते. पण माझ्या आजीने ओव्या मराठीत म्हटल्या, देवळात भजन मराठीत ऐकलं, सप्ताहात कीर्तन मराठीत, घरात येणारं वर्तमानपत्र मराठी. ही भाषा मी रंगमंचासाठी कमावलेली नाही, ती माझ्याकडे पिढ्यांनी आली. 'घरची कोकणी खरी आणि मंचावरची मराठी कमावलेली' असं म्हटलं की गोव्यात गावोगावी मराठी नाटक करणाऱ्या माणसांचं अर्धं मन पुसलं जातं. जत्रेत भूमिका करणारा बागायतदार मराठी बोलतो तेव्हा तो कुणाची नक्कल करत नसतो.

सूर असतो, हे खरं. पण तो नाटकाचा आहे, मराठीचा नाही. कोकणी नाटकालाही सूर आहे, तियात्राला, म्हणजे कोकणीतल्या लोकप्रिय संगीत नाट्यप्रकाराला, तर आहेच. कोकणीत बोलताक्षणी नट नैसर्गिक होतो, असा गैरसमज दिग्दर्शकांनी करून घेऊ नये.

कुळागर

ताई, तुमचं म्हणणं मनापासून पटतं. 'कमावलेली' हा शब्द मी मागे घेत नाही, पण तो सुरासाठी वापरायला हवा हे मान्य. माझा अनुभव एवढाच आहे की कोकणी वाक्य हातात आल्यावर तिचे खांदे सैल झाले. प्रकाशयोजना करणाऱ्याला खांदे आधी दिसतात.

चवथीचो_माटोळी (डिचोली)

पैशाचं आणि रजेचं कुणी बोलत नाही, म्हणून मी बोलतो.

गोव्यातले बहुतेक चांगले नट सरकारी नोकरीत, शाळेत किंवा बँकेत आहेत. नाटक जमतं कारण तालीम रात्री. सिनेमाला सलग तीन-चार आठवडे, तेही दिवसा. शिक्षकाने ऐन परीक्षेच्या दिवसांत रजा कुठून आणायची? त्यामुळे मुख्य भूमिका नोकरी नसलेल्या तरुणाकडे किंवा बाहेरून आणलेल्या नटाकडे जाते, आणि आमचा पन्नाशीचा कसलेला नट दोन दिवसांचा पोलीस किंवा भाटकार (जमीनदार) बनून परततो. यात अभिनयाचा संबंधच नाही.

मानधनाचं तर विचारूच नका. माझ्या वाट्याला आलेल्या एका निर्मात्याने 'महोत्सवात गेला की देऊ' म्हटलं. महोत्सव झाला, फोन उचलायचं बंद झालं. तेव्हापासून मी कागदावर सही झाल्याशिवाय जात नाही. नवीन मुलांनाही तेच सांगतो: किती दिवस, किती तास, जेवण-प्रवास कुणाचा, पैसे कुठल्या तारखेला, आणि डबिंगला बोलावलं तर त्याचे वेगळे का, एवढं लिहून घ्या. नाटकाच्या मंडळात हे विचारणं वावगं वाटतं, कारण तिथे सगळे घरचे. चित्रपटाचा चमू कितीही आपुलकीने वागला तरी तो चित्रीकरण संपलं की पांगतो.

मिरामारचा_वारा (पणजी)

प्रेक्षक म्हणून लिहितो. २००४ पासून इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, पणजीत आहे आणि मी जमेल तेवढी वर्षं रांगेत उभा राहिलोय. 'माई घाट'साठी उषा जाधव (२०१९) आणि 'गोदावरी'साठी जितेंद्र जोशी (२०२१) यांना अभिनयाचा रौप्य मयूर आपल्या मातीत मिळाला, तेव्हा उर भरून आला होता.

पण गोव्याच्या नटाचं नुकसान कुठे होतं ते सांगतो. लक्ष्मीकांत शेटगांवकरांचा 'पलतडचो मुनिस' २००९ सालचा. टोरांटोला समीक्षकांचा पुरस्कार मिळाला. महाबळेश्वर सैल यांच्या कादंबरीवरचा. चित्तरंजन गिरी आणि वीणा जामकर, दोघांचीही मुळं रंगभूमीत. वीणाने केलेली ती वेडसर बाई, जिला बोलण्याचा आधार फारसा नाही, फक्त अंग आणि नजर, ते मी बघितलेल्या उत्तम कामांपैकी आहे. आता पुन्हा दाखवा म्हटलं तर कुठे दाखवणार? नाटक पडलं तरी दुसऱ्या मंडळाला ते परत करता येतं. छोटा सिनेमा महोत्सवात एक-दोनदा लागतो आणि हार्डडिस्कमध्ये जाऊन बसतो. २०११ च्या जनगणनेत आपली लोकसंख्या साडेचौदा लाख. त्यात कोकणी चित्रपटाला तिकीट काढून जाणारे किती, हा हिशोब निर्मात्याला झोपू देत नसणार.

बार्द्रॉय बार्रेटोंच्या 'नाचॉम-इया कुम्पासार'ने सभागृहांत खेळ लावले आणि माणसं लोटली. मला तो मार्ग नाटकवाल्यांचाच वाटतो. रवींद्र भवन, कलामंदिर, गावची सभागृहं, तिकीट लावून प्रयोग, प्रयोगानंतर नट प्रेक्षकांसमोर. आपल्या मंडळांना हे जमतं, चित्रपटवाल्यांना अजून जमत नाही. कुळागरबाब, तुमच्या मंडळाने त्या चित्रपटाचे खेळ लावायची जबाबदारी घ्यावी, असं सुचवतो.

रातांबा

मिरामारबाब, +१. पण सभागृहातली ध्वनियंत्रणा नाटक-संगीतासाठी बसवलेली असते. आम्ही जीव ओतून टिपलेलं सगळं तिथे हरवतं. खेळ लावणार असाल तर आदल्या दिवशी कुणीतरी बसून आवाज तपासा. बोलवलंत तर मी येईन.

तुळशीवृंदावन (नवीन सदस्य)

नमस्कार. ज्या बाईबद्दल धागा आहे ती मीच. कुळागरनी न विचारता लिहिलं म्हणून आधी रागावले होते, वाचून झाल्यावर राग गेला. नाव लिहिलं नाहीत त्याबद्दल सगळ्यांचे आभार.

भाषेबद्दल मला जे झालं ते दोघांच्याही म्हणण्यापेक्षा थोडं निराळं. मी माहेरची पेडण्याची. संहितेतली कोकणी अंत्रुजी (फोंड्याकडची) होती, स्वच्छ, पुस्तकात असते तशी. ती बोलताना मला मराठी नाटकातल्यापेक्षा जास्त नाटकी वाटत होतं. मी दिग्दर्शकाला विचारून सगळे संवाद आमच्या पेडण्याच्या बोलीत वहीत उतरवून काढले. माझ्या आईने ती वही वाचून दुरुस्त केली. कुळागरना माझे खांदे सैल झालेले दिसले ते त्या दिवसानंतर. त्यामुळे साखळीच्या ताईंचं बरोबर आहे, नुसती कोकणी आली म्हणून काही होत नाही. कुणाच्या घरची, कुठल्या वाड्यावरची, हे लागतं. आणि ते शोधायची सवय मला मराठी नाटकानेच लावली. दलित वस्तीतली बाई, कोल्हापूरची बाई, पेशवाईतली बाई, प्रत्येकीची मराठी आम्ही अशीच ऐकून ऐकून उचलली होती.

मला सगळ्यात जड गेलं ते सीनचा क्रम. घर भाड्याने घेतलेलं, म्हणून त्या घरातले सगळे प्रसंग आधी. नवरा गेल्यानंतरचं माझं रडणं आधी झालं, त्याच्यासोबतचा संसार नंतर. नाटकात भूमिकेचा आलेख पहिल्या अंकापासून चढत जातो, रोज संध्याकाळी पहिल्यापासून चढायचं. इथे मी वहीच्या मागच्या पानावर सगळे सीन कथेच्या क्रमाने लिहिले आणि प्रत्येकासमोर, तोपर्यंत तिला काय काय माहीत झालंय ते लिहिलं. रोज सकाळी मेकअपच्या खुर्चीत बसून ते पान वाचायचे. कुणी नवीन जाणार असेल तर हे करा, उपयोग होतो.

केपेकारताईंचा मुद्दा मी मनाशी बांधलाय. पुढच्या एका चित्रपटासाठी विचारणा आलीय. मी दोन गोष्टी मागितल्यात. चित्रीकरणाच्या आधी आठवडाभर त्याच घरात, त्याच भांड्यांसोबत तालीम. आणि मांद्रेच्या बाबांसारख्या दशावतारी नटाला माझ्या सासऱ्याच्या भूमिकेसाठी ऐकून घ्या, नुसतं बोलायला लावू नका. पहिली गोष्ट त्यांनी मान्य केली. दुसरीवर उत्तर यायचंय. मांद्रेबाब, हरकत नसेल तर मला निरोप पाठवा, दिग्दर्शकाला घेऊन पुढच्या जत्रेला येते.

चवथीबाब, तुमची कागदाची यादी छापून घेतलीय. डबिंगचं कलम माझ्या करारात नव्हतं, आता घालते.

मांद्रेची_रात

बाय, निरोप पाठवलाय. जत्रेला अवकाश आहे, पण आमच्या तालमी त्याआधी देवळाच्या मंडपात असतात. दिग्दर्शकाला तिथेच आणा. रंग न लावता काम करताना बघू दे.